अल्जेरियातील वृत्तपत्रे : गोळ्यांना पुरून उरली, मग बंद कशाने पडली?

शिळाछाप

१४ एप्रिल २०२२ रोजी अल्जीअर्समध्ये ‘लिबेर्ते’ या फ्रेंच भाषेतील दैनिकाचा शेवटचा अंक निघाला. १९९२ साली सुरू झालेले हे दैनिक देशातील सर्वांत धनाढ्य उद्योगपती इसाद रेब्राब यांच्या मालकीचे होते. तोट्याचे कारण सांगून त्यांनी ते बंद केले. संपादकीय विभागातील लोकांनी विनवण्या केल्या, लेखक-विचारवंतांनी पत्रके काढली, परंतु निर्णय बदलला नाही.

ही बातमी वाचल्यापासून एक प्रश्न माझ्या मनातून जात नाही. याच दैनिकाने नव्वदच्या दशकात आपल्या पत्रकारांचे खून पाहिले होते. त्या काळात, सशस्त्र इस्लामी गट आणि सरकार यांच्यातील यादवीत, अल्जेरियात साठाहून अधिक पत्रकार मारले गेले. तरीही दुसऱ्या दिवशीचा अंक निघत असे. बंदुकीपुढे जी वृत्तपत्रे थांबली नाहीत, ती पंचवीस-तीस वर्षांनी एकही गोळी न सुटता कशी थांबली?

ज्यांना पार्श्वभूमी माहीत नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. १९६२ मध्ये देश स्वतंत्र झाला आणि काही वर्षांतच सगळी दैनिके सरकारच्या किंवा एकमेव सत्ताधारी पक्षाच्या हाती गेली. ऑक्टोबर १९८८ मध्ये तरुण रस्त्यावर उतरले, लष्कराने गोळीबार केला, शेकडो माणसे मेली. त्या धक्क्यातून फेब्रुवारी १९८९ ची नवी राज्यघटना आली आणि एकपक्षीय राजवट संपली. मार्च १९९० मध्ये पंतप्रधान मुलूद हमरूश यांच्या सरकारने एक परिपत्रक काढले. सरकारी वृत्तपत्रांतील ज्या पत्रकारांना बाहेर पडून स्वतःचे पत्र काढायचे असेल त्यांना आगाऊ पगार मिळेल, तो भांडवल म्हणून वापरावा, असे त्यात म्हटले होते. एप्रिलमध्ये कायदाही झाला. त्याच वर्षी ‘ल स्वार दाल्जेरी’, ‘एल वतन’ आणि अरबीतील ‘एल खबर’ ही दैनिके उभी राहिली. ‘एल वतन’ तर सरकारी ‘एल मुजाहिद’ सोडून आलेल्या वीस पत्रकारांनी मिळून काढले. सरकारने स्वतःच्याच नोकरांना पगार देऊन विरोधी पत्रे काढायला पाठवल्याचे दुसरे उदाहरण मला माहीत नाही. जाणकारांनी लिहावे.

अबोली

धागा काढल्याबद्दल आभार. एवढेच विचारते की, सगळी पत्रे एकाच ठिकाणाहून निघत होती हे खरे आहे का? एका मोठ्या बॉम्बस्फोटाविषयी वाचल्याचे आठवते.

शिळाछाप

होय, अबोली. ‘एक मे’ चौकाजवळच्या एका जुन्या लष्करी बराकीत सरकारने या नव्या पत्रांना जागा दिली होती. तिला ‘पत्रकार भवन’ म्हणत. पुढे तिला ताहर जाऊत यांचे नाव दिले. जाऊत कवी, कादंबरीकार आणि ‘रुप्त्युर’ या साप्ताहिकाचे संपादक होते. २६ मे १९९३ रोजी घराबाहेर त्यांच्यावर गोळ्या झाडण्यात आल्या आणि २ जूनला त्यांचे निधन झाले. पत्रकारांच्या हत्यासत्राची सुरुवात तीच. ११ फेब्रुवारी १९९६ रोजी त्या भवनाच्या भिंतीलगत मोटारीत ठेवलेला बॉम्ब फुटला, तेव्हा ‘ल स्वार दाल्जेरी’च्या कार्यालयातील तीन सहकारी मरण पावले आणि रस्त्यावरची कितीतरी माणसे गेली. तरीही ते पत्र आजतागायत निघते.

ओरानवासी

मी २००७ ते २०११ या काळात ओरान शहरात एका बांधकाम प्रकल्पावर होतो. इतिहास मला वाचूनच कळला, परंतु वर्तमानपत्राची टपरी मात्र रोज पाहिली आहे, म्हणून तेवढेच लिहितो.

आमच्या मुक्कामाच्या गल्लीच्या तोंडाशी पत्र्याची एक टपरी होती. सकाळी सातला गठ्ठे येत. टपरीवाला दोरी कापायचा आणि अंक दोन बाजूंना मांडायचा, डावीकडे फ्रेंच आणि उजवीकडे अरबी. कपड्यांच्या चिमट्यांनी लटकवलेली पहिली पाने वाचत लोक उभे राहत. विकत घेणारे त्यातले निम्मेच असावेत. दैनिकाची किंमत तेव्हा १० दिनार होती आणि एक कप कॉफीसुद्धा त्याहून महाग पडे. कोण येतो आहे हे पाहूनच टपरीवाला हात कोणत्या बाजूला न्यायचा ते ठरवत असे आणि त्याचा अंदाज चुकलेला मी क्वचितच पाहिला. वयस्कर, कोट घातलेले गृहस्थ ‘कोतिदियाँ दोराँ’ घेत, जे ओरानचेच पत्र, १९९४ पासूनचे. तरुण मुले ‘एल खबर’ किंवा ‘अश्शुरूक’ घेत. आमच्या कार्यस्थळावरचा एक मुकादम मात्र रोज दोन्ही घ्यायचा. जेवणाच्या सुट्टीत तो फ्रेंच मजकूर तिथल्या बोलीत उलगडून सांगायचा आणि दहा-बारा कामगार डबा खाता खाता ऐकायचे. म्हणजे एका अंकाला दहा वाचक होते, आणि ते खपाच्या आकड्यात कुठेही दिसत नव्हते.

नोव्हेंबर २००९ मध्ये विश्वचषकाच्या पात्रतेसाठी अल्जेरिया आणि इजिप्त यांचा निर्णायक सामना सुदानमधील ओमदुरमान येथे झाला. त्या पंधरवड्यात टपरीवर ‘अश्शुरूक’चे अंक आठच्या आत संपत. लोक दुसऱ्याच्या हातातला अंक मागून घेत. अल्जेरियाने सामना १-० असा जिंकला. दोन्ही देशांच्या वृत्तपत्रांनी त्या दिवसांत जी भाषा वापरली ती मात्र चांगली नव्हती. खप वाढवण्यासाठी शेजारी देशाविषयी द्वेष पेरला गेला, हे माझे स्पष्ट मत आहे.

सह्यकडा

ओरानवासी यांचा अनुभव वाचून आनंद झाला. परंतु मूळ प्रश्नात एक गृहीत धरलेले आहे, ते मला मान्य नाही. वृत्तपत्रे जगभर बंद पडत आहेत. मोबाइल आला, वाचक गेला, जाहिरात गेली. अल्जेरियाच्या बाबतीत वेगळे कारण शोधायची गरज काय?

त्यात भाषेचा मुद्दाही आहे. स्वातंत्र्यानंतर शाळांचे अरबीकरण झाले. फ्रेंच सहजपणे वाचणारी पिढी म्हातारी होत गेली. ‘लिबेर्ते’ किंवा ‘एल वतन’ यांचा वाचक घटणे अटळच होते.

भूमध्य

सह्यकडा यांचा मुद्दा अर्धा बरोबर आहे, परंतु उरलेला अर्धा अधिक महत्त्वाचा आहे. मी काही वर्षे उत्तर आफ्रिकेतील माध्यमांचा अभ्यास केला आहे, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

अल्जेरियात सरकारी जाहिराती वाटण्याचे काम ‘आनेप’ नावाची सरकारी संस्था करते. ती १९६७ मध्ये स्थापन झाली. मंत्रालये, महामंडळे, बँका, नगरपालिका, तेल-वायू कंपनी अशा सगळ्यांच्या निविदा आणि नोटिसा तिच्याच हातून जातात. तेलाच्या पैशावर चालणाऱ्या देशात सर्वांत मोठा जाहिरातदार सरकारच असते. नव्वदच्या सुरुवातीला ही पकड थोडी सैल झाली होती. १९९३ मध्ये ती पुन्हा आवळली गेली. त्यानंतर कोणाला किती पाने जाहिराती द्यायच्या हे त्या संस्थेत ठरू लागले. ‘एल वतन’ आणि ‘एल खबर’ यांना वर्षानुवर्षे जवळजवळ काहीच मिळाले नाही. ज्यांची नावेही कोणी ऐकली नव्हती अशी दैनिके मात्र पानेच्या पाने निविदा छापत राहिली. एका टप्प्यावर देशात शंभराहून अधिक दैनिके होती, आणि त्यांतली कितीतरी टपरीपर्यंत पोहोचतही नसत. वाचक नसलेले वृत्तपत्र फायद्यात आणि वाचक असलेले तोट्यात, अशी ही व्यवस्था होती. तिला बाजार म्हणता येणार नाही.

२०१४ च्या सुमारास खाजगी कंपन्यांवरही दबाव आला आणि त्यांनीही या दोन पत्रांच्या जाहिराती कमी केल्या. २०१६ मध्ये ‘एल खबर’ने आपले भागभांडवल रेब्राब यांच्या कंपनीला विकून उभे राहण्याचा प्रयत्न केला, तर तो व्यवहार न्यायालयाने अडवला. मोबाइलने सगळीकडचे वृत्तपत्र मारले, हे खरे. पण येथे आधी खाणे बंद करून ठेवले होते आणि नंतर आजार आला.

जुना_कंपोझिटर

भूमध्य यांनी जाहिरातीविषयी लिहिले. मी छापखान्याविषयी लिहितो, कारण माझे आयुष्य त्यात गेले. मी एका जिल्हा दैनिकात १९७४ पासून खिळे, म्हणजे छपाईची धातूची अक्षरे, जुळवले, पुढे ऑफसेट आले तेव्हा फिल्म आणि प्लेटवर काम केले. त्या दैनिकालाही एकदा एका अग्रलेखानंतर सरकारी नोटिसा मिळेनाशा झाल्या. तेव्हा चार महिने आमचे पगार अर्धे आले होते. म्हणून या गोष्टी मला पुस्तकी वाटत नाहीत.

पत्र कोणाच्या यंत्रावर छापले जाते हा प्रश्न मी नेहमी सर्वांत आधी विचारतो. अल्जेरियात नवी खाजगी पत्रे निघाली खरी, परंतु छपाईची मोठी यंत्रे सरकारी छापखान्यांतच होती, मध्य, पूर्व आणि पश्चिम अशा तीन विभागांत. कागदही तिथूनच मिळत असे. पत्राने नको ते छापले की छापखाना थकबाकीची आठवण काढी. ऑक्टोबर १९९८ मध्ये, एका बड्या सेनाधिकाऱ्याविषयीच्या बातम्या आल्यानंतर, अनेक दैनिकांची छपाई याच कारणाने थांबली. ऑगस्ट २००३ मध्ये सहा दैनिकांना पैसे भरण्यासाठी जेमतेम तीन दिवसांची मुदत मिळाली. थकबाकी खरीच असते, त्यामुळे न्यायालयात काही बोलता येत नाही. आमच्या धंद्यात उधारी नसलेले दैनिक मी पाहिलेले नाही. उधारी कोणाकडून कधी मागायची हे निवडणाऱ्याच्या हातात खरी सत्ता असते.

‘एल वतन’ आणि ‘एल खबर’ यांनी भागीदारीत स्वतःचे रोटरी यंत्र घेतले, आणि २००३ मध्ये ‘एल वतन’चे छपाईच्या बाबतीत कोणी काही बिघडवू शकले नाही, ते त्यामुळेच. एक फ्रेंच, एक अरबी, एकमेकांचे स्पर्धक. तरी यंत्र एकच. या निर्णयाला मी मनापासून दाद देतो.

अबोली

काका, ‘खिळा’ शब्द आला म्हणून विचारते. नव्वदच्या दशकात मारले गेलेले पत्रकार सईद मेकबेल यांच्या स्तंभाचे नाव ‘जुहाचा खिळा’ होते असे वाचले होते. तो छापखान्याचाच खिळा का?

जुना_कंपोझिटर

नाही, अबोलीताई. तो भिंतीतला खिळा आहे. पण तुम्ही दोन्ही एकत्र आणलेत हे मला फार आवडले. मराठीत भिंतीत ठोकतो तोही खिळा आणि केसमधून, म्हणजे अक्षरांच्या खणांच्या पेटीतून, उचलून जुळवतो तोही खिळा, आणि त्या माणसाने दुसऱ्या प्रकारच्या खिळ्यांनी पहिला खिळा ठोकला.

जुहा म्हणजे अरबी लोककथांमधला आपल्याकडच्या बिरबल-तेनालीरामासारखा चतुर माणूस. त्याने आपले घर विकले, पण विकताना एक अट घातली की, भिंतीतला एक खिळा माझ्या मालकीचा राहील. घेणारा म्हणाला, एका खिळ्याने काय होते, राहू दे. दुसऱ्या दिवशी जुहा आला आणि खिळ्याला सदरा टांगून गेला. मग कधी टोपी अडकवायला, कधी काढायला, वेळी-अवेळी, जेवायच्या वेळी हमखास येऊ लागला. शेवटची पायरी काही कथांमध्ये अशी की, त्याने खिळ्याला मेलेले जनावर टांगले आणि घरमालक वासाने घर सोडून पळाला. अल्जेरियात ही गोष्ट लहान मुलालाही ठाऊक असते. सत्ता सगळे घर घेऊन बसली तरी एक खिळा आमचा आहे आणि आम्ही रोज येणार, हा त्या नावाचा अर्थ.

भूमध्य

मेकबेल ‘ल मातँ’ या दैनिकाचे संचालक होते. ३ डिसेंबर १९९४ रोजी कार्यालयाजवळच्या उपाहारगृहात दुपारी जेवत असताना त्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. त्याच दिवशी छापून आलेल्या त्यांच्या मजकुरात पत्रकाराच्या जगण्याचे वर्णन होते. रात्री चोरासारखा भिंतीच्या कडेने घरी परतणारा, आपले काम मुलांनी बाहेर सांगू नये म्हणून त्यांना बजावणारा, आणि तरीही लिहिण्यापलीकडे काही न येणारा माणूस त्यांनी त्यात उभा केला होता. तो मजकूर मी अनेकदा वाचला आहे आणि प्रत्येक वेळी मध्येच थांबावे लागले आहे.

मारले जाणारे केवळ फ्रेंचमध्ये लिहिणारे होते हा समज मात्र चुकीचा आहे. ‘एल खबर’चे मुख्य संपादक उमर उर्तिलान हे अरबी पत्रकार ऑक्टोबर १९९५ मध्ये मारले गेले.

दिवेलागण

सगळ्यांविषयी आदर ठेवून एक वेगळे मत मांडते. या पत्रांना आपण वीरगाथेतच बसवत आहोत. त्या दशकात फ्रेंच पत्रांपैकी बऱ्याच जणांनी इस्लामी पक्षांशी कोणतीही बोलणी नकोत, त्यांचा समूळ नायनाट हवा, अशी लष्कराच्या कठोर गटाला सोयीची भूमिका घेतली. सुरक्षादलांनी उचलून नेलेल्या, पुन्हा कधीच न दिसलेल्या हजारो माणसांविषयी त्यांच्या पानांवर फार थोडे आले.

जे पत्र दोन्ही बाजूंच्या हिंसेविषयी लिहीत होते आणि बोलणी करा म्हणत होते, ते होते ‘ला नास्याँ’ हे साप्ताहिक. त्याच्या संपादक सलीमा गेझाली. एका शिक्षिकेने, स्त्री-हक्कांच्या कार्यकर्तीने त्या काळात संपादकाच्या खुर्चीत बसणे हीच मोठी गोष्ट होती. ते पत्र अनेकदा जप्त झाले आणि १९९६ च्या अखेरीस सरकारी छापखान्याच्या थकबाकीचे कारण देऊन बंद पाडण्यात आले. पुढच्याच वर्षी त्यांना युरोपीय संसदेचा साखारोव पुरस्कार मिळाला. म्हणजे कंपोझिटर काका म्हणतात तेच हत्यार, फक्त १९९८ च्याही आधी चालवलेले. आणि तेव्हा इतर वृत्तपत्रांपैकी फार थोडी ‘ला नास्याँ’च्या बाजूने उभी राहिली. मूळ प्रश्नाचे उत्तर शोधताना हेही धरले पाहिजे.

शिळाछाप

दिवेलागण, हा मुद्दा मला माहीत नव्हता. तो मूळ प्रश्नाच्या फार जवळ जातो. एकावर वापरलेले हत्यार सगळ्यांनी मुकाट पाहिले, म्हणून ते पुढे सगळ्यांवर वापरता आले.

सह्यकडा

भूमध्य आणि दिवेलागण यांचे वाचून माझे मत थोडे बदलले आहे. तरी एक शंका उरते. वसाहतकाळातही असेच होते ना? मग हा सगळा वारसा फ्रेंचांचाच म्हणावा लागेल.

भूमध्य

वारसा नक्कीच आहे, आणि तो मराठी वाचकाला ओळखीचा वाटेल.

फ्रेंच फौज १४ जून १८३० रोजी अल्जीअर्सच्या पश्चिमेला सिदी फ्रेज या किनाऱ्यावर उतरली. जहाजांवर तोफांबरोबर एक छापखानाही होता आणि काही दिवसांतच त्यावर एक छोटे पत्र छापून निघाले. देशातले पहिले वर्तमानपत्र आक्रमकांनी आक्रमणाची बातमी देण्यासाठी काढले! १८३२ मध्ये ‘मोनितर अल्जेरियाँ’ हे सरकारी पत्र सुरू झाले. त्याच वर्षी जानेवारीत मुंबईत बाळशास्त्री जांभेकरांनी ‘दर्पण’ काढले होते. ‘दर्पण’मध्ये मराठी आणि इंग्रजी मजकूर शेजारी शेजारी असे. अल्जेरियात १८४७ साली ‘अल-मुबश्शिर’ निघाले, तेही फ्रेंच आणि अरबी अशा दोन भाषांत. परंतु ते शासनाने काढले होते आणि त्यातली अरबी हुकूम कळवण्यासाठी होती. जांभेकरांच्या दोन रकान्यांत एक एतद्देशीय विद्वान राज्यकर्त्यांशी आणि आपल्या लोकांशी एकाच वेळी बोलत होता. रचना सारखीच दिसली तरी बोलणारा कोण, यात सगळा फरक आहे.

पुढे १८८१ चा फ्रेंच मुद्रणस्वातंत्र्याचा कायदा आला, जो त्या काळातील उदार कायद्यांपैकी एक मानला जातो. अल्जेरियातही तो लागू होता. मात्र परकीय पत्रांवर बंदी घालण्याचा जो अधिकार त्यात होता तो अरबी पत्रांवर वापरला गेला. आपल्याच देशात आपली भाषा परकी ठरली. लॉर्ड लिटनच्या १८७८ च्या देशी वृत्तपत्रांच्या कायद्याची येथे आठवण होते.

दिवेलागण

त्या संदर्भात अबू अल-यक्झान यांचे नाव घेतलेच पाहिजे. सहारातील मझाब खोऱ्यातले हे विद्वान. १९२६ ते १९३८ या बारा वर्षांत त्यांनी एकापाठोपाठ एक आठ अरबी पत्रे काढली. ‘वादी मिझाब’, ‘मिझाब’, ‘अल-मगरिब’, ‘अन-नूर’, ‘अल-बुस्तान’, ‘अन-निबरास’, ‘अल-उम्मा’, ‘अल-फुरकान’. एकावर बंदी आली की नाव बदलून दुसरे. पहिल्याचा मजकूर अल्जीअर्समध्ये तयार व्हायचा आणि छपाई शेजारच्या ट्युनिसमध्ये करून अंक पुन्हा सीमा ओलांडून यायचे. शेवटी १९३१ मध्ये त्यांनी अल्जीअर्समध्ये स्वतःचा अरबी छापखाना घातला. कॉन्स्टंटाइनमध्ये अब्देलहमीद बेन बादीस यांनीही १९२५ मध्ये ‘अल-मुंतकिद’ काढले. अठराव्या अंकानंतर बंदी येताच ‘अश-शिहाब’ सुरू केले आणि ते १९३९ पर्यंत चालवले.

जुना_कंपोझिटर

स्वतःचा छापखाना! १९३१ मध्ये त्यांना जे कळले तेच सत्तर वर्षांनी ‘एल वतन’ला कळले.

अरबी छापखाना घालणे हे रोमन लिपीसारखे सोपे काम नाही, हे सांगायला हवे. अरबीत एकच अक्षर शब्दाच्या सुरुवातीला वेगळे, मध्ये वेगळे, शेवटी वेगळे आणि सुटे वेगळे. प्रत्येकाचा खिळा वेगळा. आमच्या मराठी केसमध्ये जोडाक्षरे, अर्धी अक्षरे, काने-मात्रा धरून शेकडो घरे असायची आणि हात त्या घरांत सवयीने जायला दोन-तीन वर्षे लागत. तिथल्या कंपोझिटरचीही तीच गत असणार. बंदी आली की शासन केवळ नाव रद्द करत नसे. त्या प्रशिक्षित हातांचा रोजगार जात असे. आठ वेळा नव्याने पत्र काढणे म्हणजे आठ वेळा ती माणसे पुन्हा गोळा करणे.

ओरानवासी

‘अल्जे रेपुब्लिकाँ’विषयी कोणी लिहिले नाही. १९३८ मध्ये सुरू झालेले हे दैनिक वसाहतवाल्यांच्या ‘लेको दाल्जे’सारख्या बड्या पत्रांच्या विरोधात होते. तरुण आल्बेर काम्यू तिथे वार्ताहर होते. जून १९३९ मध्ये त्यांनी काबिलिया प्रदेशातील उपासमारीवर लेखमाला लिहिली. कुत्र्यांशी उकिरड्यासाठी झगडणारी मुले, रोजच्या मजुरीतून न भागणारे पोट, हे सगळे त्यांनी गावोगाव फिरून नोंदवले. १९५५ मध्ये पत्रावर बंदी आली. त्याचे संपादक आंरी आलेग यांना १९५७ मध्ये फ्रेंच छत्रीधारी सैनिकांनी पकडून छळले आणि तो वृत्तांत तुरुंगातून बाहेर आला. १९६२ मध्ये स्वातंत्र्य मिळाल्यावर पत्र पुन्हा निघाले, आणि १९६५ मध्ये बुमेदिएन यांनी लष्करी उठाव केल्यावर पुन्हा बंद झाले. फ्रेंचांनी बंद केले आणि स्वतंत्र देशानेही केले.

‘एल मुजाहिद’चे तर याहून विचित्र झाले. १९५६ मध्ये ते सायक्लोस्टाइल केलेले भूमिगत पत्र होते. ते जवळ सापडले तर जिवाची खात्री नसे. पुढे ट्युनिसमधून निघत असताना वसाहतवादविरोधी विचारवंत फ्रान्झ फानोन त्यात लिहीत. तेच नाव धारण केलेले दैनिक स्वतंत्र देशात मंत्र्यांच्या भेटीगाठी छापणारे सरकारी पत्र झाले. माझ्या टपरीवर ते शेवटपर्यंत पडून असायचे.

अबोली

सिदी फ्रेज हे नाव मी आणखी कुठेतरी वाचले आहे. नव्वदच्या दशकाशी त्याचा काही संबंध आहे का?

भूमध्य

आहे, आणि तुम्ही विचारलेत म्हणून अंगावर काटा आला. हत्यासत्र सुरू असताना पत्रकारांना घरी राहणे अशक्य झाले, तेव्हा सरकारने त्यांना पहाऱ्यातील किनाऱ्यावरच्या हॉटेलांत ठेवले. त्यांतले एक ठिकाण म्हणजे सिदी फ्रेज. देशातला पहिला छापखाना ज्या वाळूवर उतरवला तिथेच, १६० हून अधिक वर्षांनी, अल्जेरियन पत्रकार कुटुंबांपासून दूर पर्यटकांच्या खोल्यांत राहत आणि सकाळी वेगवेगळ्या रस्त्यांनी कामावर जात.

सह्यकडा

शेवटचा प्रश्न. कागद जाऊ द्या, संकेतस्थळांचे काय? सरकारी छापखाना नको, टपरी नको.

भूमध्य

तिथेही हात पोहोचला. ‘तू स्युर लाल्जेरी’ हे २००७ मध्ये सुरू झालेले लोकप्रिय संकेतस्थळ अनेकदा अडवले गेले. फेब्रुवारी २०१९ पासून ‘हिराक’ हे शांततापूर्ण जनआंदोलन झाले आणि बूतफ्लिका यांना राष्ट्राध्यक्षपद सोडावे लागले. त्या आंदोलनाचे वार्तांकन करणारे खालेद द्रारेनी २०२० मध्ये तुरुंगात गेले. ‘रेडियो एम’ चालवणारे इहसान एल कादी यांना डिसेंबर २०२२ मध्ये अटक झाली, कार्यालयाला टाळे लागले आणि शिक्षा वाढत वाढत सात वर्षांपर्यंत गेली. २०२४ च्या अखेरीस माफी मिळून ते सुटले. २०२३ च्या नव्या माध्यम कायद्याने परदेशी पैशाला मज्जाव केला आहे.

शिळाछाप

मूळ प्रश्नाकडे येतो. मला जे समजले ते असे की, हल्लेखोराची बंदूक पत्राच्या बाहेर होती, म्हणून सगळे कार्यालय एक होऊन तिच्यासमोर उभे राहिले. जाहिरात, कागद, यंत्र आणि कर मात्र पत्राच्या पोटातच होते. तिथे लढायचे कोणाशी हे कोणाला दिसत नव्हते. २०२२ च्या उन्हाळ्यात ‘एल वतन’च्या कर्मचाऱ्यांना मार्चपासून पगार नव्हता. बँक खाती गोठवलेली होती. शेवटी त्यांनी आपल्याच पत्रात संप केला. जी माणसे १९९३ मध्ये संचालकांवर गोळीबार झाल्यानंतरही अंक काढत होती, त्यांच्याच पत्रात हे व्हावे याचे मला फार दुःख झाले.

दिवेलागण

आणि ‘लिबेर्ते’च्या बाबतीत मालक एकच होता, हे विसरू नये. सरकारविरुद्ध उभे राहायला धनवान मालक लागतो, पण त्याचे इतर कारखाने त्याच सरकारच्या परवान्यांवर चालतात. ‘एल वतन’ पत्रकारांच्याच मालकीचे होते. म्हणून ते उपाशी राहिले, पण आजही निघते.

ओरानवासी

धागा वाचून काल त्या जुन्या मुकादमाला फोन केला. बऱ्याच वर्षांनी बोललो. टपरी तिथेच आहे असे म्हणाला, पण आता मोबाइलचे रिचार्ज, सिगारेट आणि थंड पेये असतात. दोरीवर तीन-चारच पत्रे लटकतात, अरबी आणि फ्रेंच एकाच बाजूला. तो स्वतः अजून शनिवारी एक अंक घेतो, कारण नातवाला शब्दकोडे आवडते. मला म्हणाला, तुमच्याकडे अजून कागदाचे येते का? मी सांगितले, सकाळी साडेसहाला दारात पडते. त्याला ते खरे वाटेना, म्हणून आज सकाळी उंबऱ्यावरच्या अंकाचा फोटो काढून पाठवला.

अबोली

त्या टपरीचा फोटो मिळाला तर येथे टाका. आणि अंकाची किंमत आता किती दिनार झाली आहे, तेही विचारून सांगा.